श्रोडिंजरच्या समीकरणात टाइम डेरिव्हेटिव्ह एकदाच का? आणि तो आय कशाला?

साय_खाणारी_मनी

टीवाय बीएस्सी फिजिक्स. मोबाईलवर ग्रीक अक्षरं येत नाहीत म्हणून सगळं बोलतो तसंच लिहितेय, साय म्हणजे वेव्ह फंक्शन, दुधावरची नाही. मागच्या वर्षी ताणलेल्या तारेचं वेव्ह इक्वेशन झालं, ते मला एकदम पटलेलं, एका बाजूला वेळेचा सेकंड डेरिव्हेटिव्ह, दुसऱ्या बाजूला एक्सचा सेकंड डेरिव्हेटिव्ह, मधे व्ही स्क्वेअर, आणि ते न्यूटनच्या नियमातूनच निघतं हेही दिसतं कारण तारेच्या तुकड्याला ॲक्सिलरेशन असतं. यंदा श्रोडिंजर आलं आणि त्यात वेळेचा डेरिव्हेटिव्ह एकदाच! वर त्याच्यापुढे आय (वजा एकचं वर्गमूळ) गुणिले एच-बार (प्लँकचा स्थिरांक भागिले दोन पाय). वर्गात विचारलं तर म्हणे पोस्ट्युलेट आहे, सिद्ध करायचं नसतं. बरं नसेल करायचं, पण कुणाला तरी ते सुचलं असेलच ना?

माझा खरा घोळ असा की एकच टाइम डेरिव्हेटिव्ह असलेलं दुसरं एकच समीकरण मला माहितीये, तापलेल्या सळईतल्या उष्णतेचं. त्यात लाटाबिटा काही नाहीत, सगळं हळूहळू सपाट होऊन थंड पडतं. मग याला वेव्ह इक्वेशन कुठल्या तोंडाने म्हणायचं? आणि तारेला सुरुवातीला आकार पण द्यावा लागतो आणि वेग पण, इथे म्हणे नुसता साय दिला की पुढचं सगळं ठरलं. मग ते दुसरं अर्धं गेलं कुठे?

निवांत_न्यूट्रॉन

परीक्षेला येत नाही, सोड. बॉक्स, ऑसिलेटर आणि हायड्रोजन घोटून ठेव, बाकी एमएस्सीला बघू.

जुना_खडू

न्यूट्रॉनराव, असं सांगून सांगूनच पोरं फिजिक्स सोडून बँकेच्या परीक्षा देतात. असो.

मनी, पोस्ट्युलेट आहे हे खरं, पण पोस्ट्युलेटलाही आईबाप असतात. १९२४ मध्ये डी ब्रॉग्लीने थिसिसमध्ये मांडलं की कणालाही तरंगलांबी असते. म्हणजे दोन नाती झाली, ऊर्जा बरोबर एच-बार ओमेगा आणि संवेग बरोबर एच-बार के (ओमेगा म्हणजे लाट वेळेत किती भराभर हलते, के म्हणजे जागेत किती दाट आहे). एवढंच हातात घे आणि समीकरण तयार करायला बस. लाट घेतली की एक्सचा एक डेरिव्हेटिव्ह एक के खाली आणतो आणि वेळेचा एक डेरिव्हेटिव्ह एक ओमेगा खाली आणतो. तारेवर ओमेगा बरोबर व्ही गुणिले के, दोघांची घात सारखीच, म्हणून दोन्हीकडे दोन-दोन डेरिव्हेटिव्ह बसतात. मोकळ्या कणाची ऊर्जा मात्र पी स्क्वेअर बाय टू एम (पी संवेग, एम वस्तुमान). त्यात वरची दोन नाती घाल, ओमेगा बरोबर एच-बार के स्क्वेअर बाय टू एम. ओमेगा एकदा, के दोनदा. म्हणजे वेळेचा डेरिव्हेटिव्ह एकदा आणि जागेचा दोनदा. हे कुणी हौसेने निवडलेलं नाही, गतिज ऊर्जेत वेगाचा वर्ग असतो तो इथपर्यंत पोचला.

आता आय. वहीत करून बघ, लाट म्हणून कोसाइन घे. वेळेचा एक डेरिव्हेटिव्ह घेतलास की साइन होतो, एक्सचे दोन घेतलेस की कोसाइनच राहतो. साइन बरोबर कोसाइन कसं होणार सगळीकडे? जमतच नाही. ई रेझ्ड टू आय घेतलं तर कितीही डेरिव्हेटिव्ह घे, तेच फंक्शन परत मिळतं, फक्त पुढे एक आय लोंबतो, आणि तो आय समीकरणात घेतला की काम झालं.

तू म्हणशील मग तारेचंच समीकरण घ्यायचं आणि व्हीच्या जागी लाटेचा वेग टाकायचा. पण तो वेग ओमेगा भागिले के, म्हणजे एच-बार के बाय टू एम, प्रत्येक तरंगलांबीला वेगळा. मग प्रत्येक केसाठी वेगळं समीकरण लागेल आणि दोन लाटांची बेरीज कुठल्याच समीकरणात बसणार नाही. (हा वेग कणाच्या वेगाच्या निम्मा येतो, त्याने घाबरू नकोस. कण चालतो ग्रुप व्हेलॉसिटीने, ओमेगाचं के बद्दल डेरिव्हेटिव्ह घे, बरोबर पी बाय एम येतं.)

गंमत अशी की श्रोडिंजरने आधी तारेसारखंच, वेळेचे दोन डेरिव्हेटिव्ह असलेलं सापेक्षतावादी समीकरण करून पाहिलं होतं. झुरिकमध्ये डी ब्रॉग्लीच्या कामावर त्याने सेमिनार दिला तेव्हा तिथलाच भौतिकशास्त्रज्ञ डिबाय म्हणाला की लाटा लाटा करताय तर त्यांचं समीकरण कुठाय, असं फेलिक्स ब्लॉखने आठवणींत लिहिलंय. १९२५ च्या नाताळात गडी स्वित्झर्लंडमधल्या आरोसाच्या बर्फात जाऊन बसला. सापेक्षतावादी समीकरणातून हायड्रोजनच्या बारीक रेषा चुकीच्या आल्या, कारण इलेक्ट्रॉनचा स्पिन (अंगचा कोनीय संवेग) त्यात नव्हताच. ते बाजूला ठेवून जानेवारी १९२६ मध्ये त्याने साधं, बिनसापेक्षतेचं समीकरण छापायला पाठवलं. आणि त्या पहिल्या पेपरात वेळही नाही आणि आयही नाही! नुसतं स्थिर अवस्थांचं समीकरण.

साय_खाणारी_मनी

सर थँक्यू, कोसाइनवालं वहीत करून बघितलं, खरंच अडकतं. पण आय टाकला की उष्णतेच्या समीकरणाचं लाटांचं समीकरण होतं हे अजून पचत नाहीये. फक्त एका अक्षराने?

चहा_आणि_कॅल्क्युलस

हो फक्त एका अक्षराने. सळईत के तरंगांकाचा भाग ई रेझ्ड टू मायनस डी के स्क्वेअर टी असा विझत जातो (डी म्हणजे उष्णता पसरण्याचा गुणांक). त्यात डीच्या जागी आय एच-बार बाय टू एम टाक, झालं श्रोडिंजर. म्हणजे काल्पनिक वेळेतली उष्णताच आहे ती. म्हणूनच तर मोकळ्या इलेक्ट्रॉनचं वेव्ह पॅकेट पसरत जातं, उष्णता पसरते तसंच.

जुना_खडू

शेवटचं वाक्य सोडून बाकी बरोबर. दोन्ही पसरतात पण पसरण्याची जातच वेगळी आहे. सळईत बारीक खाचाखोचा आधी मरतात आणि ती माहिती कायमची जाते, गार पडलेली सळई बघून ती सुरुवातीला कुठे तापवली होती ते काढता येत नाही. श्रोडिंजरमध्ये एकही के विझत नाही, प्रत्येकाचा आकार आहे तेवढाच राहतो, फक्त प्रत्येकाचा काटा, म्हणजे फेज, वेगवेगळ्या गतीने फिरतो. पॅकेट पसरतं ते मोठ्या केच्या लाटा वेगाने आणि लहान केच्या सावकाश जाऊन पुढेमागे झाल्यामुळे. सायचा कॉन्ज्युगेट घेऊन (आयचं चिन्ह उलटं करून) वेळ पुढे चालवली की सगळं उलट गोळा होतं. सळईला हे जमणार नाही.

आकडे हवेत तर घे. एक अँगस्ट्रॉम रुंदीचं इलेक्ट्रॉनचं पॅकेट साधारण ०.१७ फेम्टोसेकंदात १.४ पट रुंद होतं. ५ ग्रॅमची गोटी ०.१ मिलिमीटरच्या पॅकेटमध्ये ठेवलीस तर तेवढीच रुंद व्हायला विश्वाच्या आजच्या वयाच्या २० लाखांहून जास्त पट वेळ लागेल. म्हणून गोट्या खेळताना क्वांटमची भीती नाही.

चहा_आणि_कॅल्क्युलस

मान्य सर, घाईत लिहिलं.

बीमवाला_काका

मी सिव्हिलचा माणूस, क्वांटम कधी शिकलो नाही, पण वरचं ओमेगा आणि के स्क्वेअरचं नातं वाचून थांबलो कारण ते आमच्या घरचं आहे. तारेला ताण असतो, बीमला वाकवायला विरोध असतो, म्हणून बीमच्या कंपनाच्या समीकरणात वेळेचे दोन आणि जागेचे चार डेरिव्हेटिव्ह येतात, ऑयलर-बर्नूली म्हणतात त्याला. तिथे ओमेगा स्क्वेअर हा के रेझ्ड टू फोरच्या प्रमाणात, म्हणजे ओमेगा के स्क्वेअरच्या प्रमाणात. तुमचंच नातं की हे! मग मी कागदावर असं केलं, साय बरोबर यू अधिक आय व्ही लिहिलं, यू आणि व्ही दोन्ही साधी रिअल फंक्शन्स. समीकरणाचे दोन तुकडे पडतात. यूचा बदलण्याचा दर बरोबर एच लावलेला व्ही भागिले एच-बार, आणि व्हीचा दर बरोबर वजा एच लावलेला यू भागिले एच-बार. (एच म्हणजे हॅमिल्टोनियन, ऊर्जेचा ऑपरेटर, ना? अंदाज लावला.) आता पहिल्याचा परत एकदा वेळेने डेरिव्हेटिव्ह घेतला की व्ही उडतो आणि नुसत्या यूचं समीकरण उरतं, वेळेचे दोन, जागेचे चार. मोकळ्या कणासाठी ते हुबेहूब बीमचं समीकरण आहे.

म्हणजे मनीताई तुमचं हरवलेलं अर्धं सापडलं बघा. तारेला आकार आणि वेग लागतो, बीमलाही लागतो. इथे यू म्हणजे आकार, आणि व्हीमध्ये यूचा वेग दडवलेला आहे. साय दिला म्हणजे तुम्ही दोन्ही एकदम दिलेत, कॉम्प्लेक्स असल्यामुळे एकाच नावात मावलं एवढंच.

अजून एक. तुमच्या त्या बॉक्समधल्या कणाच्या ऊर्जा कशा असतात? १, ४, ९, १६ ना? दोन्ही टोकांना नुसता टेकवलेला, आम्ही सिम्पली सपोर्टेड म्हणतो, त्या बीमच्या फ्रिक्वेन्सी पण १, ४, ९, १६ च असतात. तारेच्या १, २, ३, ४.  शाळेत बाकाच्या कडेला पट्टी दाबून टर्रर्र वाजवायचो आम्ही, तो पण बीमच, पण एक टोक पक्कं असल्यामुळे तिथे हे वर्गांचं गणित बसत नाही.

जुना_खडू

काका, वाकून नमस्कार. हे तुम्ही न वाचता काढलंत आणि श्रोडिंजरने नेमकं हेच केलं होतं. जून १९२६ च्या चौथ्या पेपरात वेळेचं समीकरण आणताना आधी त्याने चार डेरिव्हेटिव्हचं रिअल समीकरणच लिहिलं आणि हे कंप पावणाऱ्या पातळ पत्र्याच्या जातीचं आहे असंही नोंदवलं. मग त्याचे दोन अवयव पाडून आयवालं समीकरण काढलं. कारण बाहेरून बदलतं क्षेत्र लावलं, म्हणजे अणूवर प्रकाश पाडला समजा, की पोटेन्शिअल वेळेवर अवलंबून राहतं आणि तुमची ती दुसऱ्यांदा डेरिव्हेटिव्ह घेण्याची युक्ती बिघडते, पोटेन्शिअलचाही डेरिव्हेटिव्ह मधे घुसतो. एक डेरिव्हेटिव्हचं समीकरण तिथेही तसंच चालतं. त्याला स्वतःला हा आय आवडला नव्हता बरं का, त्याच महिन्यात लॉरेन्ट्झला लिहिलेल्या पत्रात त्याने कॉम्प्लेक्स संख्या वापराव्या लागतात हे खटकतं असं स्पष्ट म्हटलंय, साय मुळात रिअलच असणार असं त्याला वाटत होतं.

साय_खाणारी_मनी

काका!!! बीममुळे क्वांटम कळेल असं वाटलं नव्हतं. आमच्या घरी बाबा सिव्हिलचे, त्यांना दाखवलं, ते म्हणाले हे तर सेकंड इयरचं आहे. पण मग यू आणि व्ही ने सगळं होतं तर आयची गरजच नाही ना? सोयीसाठीच ठेवलाय?

किरकोळ_क्वांटम

एका कणापुरतं बघितलं तर हो, सोयच आहे. पण ती सोय काय करते ते बघ. यू वर्ग अधिक व्ही वर्ग सगळ्या जागेवर जोड आणि त्याचा वेळेने डेरिव्हेटिव्ह घे, काकांनी दिलेली दोन समीकरणं वापर, एका पदात यू एच व्ही येतं आणि दुसऱ्यात वजा व्ही एच यू, आणि एच सिमेट्रिक असल्यामुळे दोघं एकमेकांना खातात, उत्तर शून्य. म्हणजे बेरीज कायम. पेंड्युलममध्ये कधी उंची कधी वेग पण एकूण ऊर्जा तेवढीच, तसंच. ही न बदलणारी बेरीज आहे म्हणूनच तिला संभाव्यता म्हणता येतं. नुसत्या यूचा वर्ग घेतलास तर तो कमीजास्त होत राहील, कण मधेच अर्धा गायब. भौतिकशास्त्रज्ञ मॅक्स बॉर्नने १९२६ मध्ये संभाव्यतेचा अर्थ मांडला तेव्हा पेपरात आधी सरळ लाटेचं मापच लिहिलं होतं, वर्ग घ्यायचा ही दुरुस्ती प्रुफात तळटीप म्हणून टाकली. नोबेल मिळालं त्याला यावर, तळटिपा वाचत जा.

आणि वेळेचे दोन डेरिव्हेटिव्ह ठेवले असते तर काय झालं असतं याचं उत्तरही आहे. खडू सरांनी सांगितलं ते श्रोडिंजरने टाकून दिलेलं समीकरण, ज्याला आता क्लाइन-गॉर्डन म्हणतात, त्यात साय आणि त्याचा दर दोन्ही स्वतंत्रपणे द्यावे लागतात आणि जी राशी कायम राहते ती ऋणसुद्धा होऊ शकते. वजा ३० टक्के संभाव्यता घेऊन काय करणार? डिरॅकने १९२८ मध्ये त्यातून वाट काढताना हट्टाने वेळेचा एकच डेरिव्हेटिव्ह ठेवला, सापेक्षतेसाठी मग जागेचाही एकच घ्यावा लागला, आणि ते जमवायला साय चार घटकांचा करावा लागला. त्यातून स्पिन आपोआप बाहेर पडला.

एकापेक्षा जास्त कण आले की सोय म्हणून भागत नाही. २०२१ च्या शेवटी नेचरमध्ये एक पेपर आला, त्यात दाखवलं की वेगवेगळ्या प्रणाली एकत्र जोडायचा नेहमीचा नियम तसाच ठेवून फक्त रिअल संख्यांनी क्वांटम मेकॅनिक्स केलं तर एका ठराविक जाळ्यासारख्या प्रयोगात त्याचं भाकीत वेगळं येतं. २०२२ मध्ये प्रयोग झाले, निकाल कॉम्प्लेक्सच्या बाजूने लागला. तो 'नियम तसाच ठेवून' विसरू नकोस, नियम बदलायची मुभा घेतली की वाद परत उघडतो.

पोहे_आणि_पायथन

थिअरी वाचून डोळे मिटायला लागले की कोड लिही. पण एक सूचना, सरळ पुढच्या स्टेपला दर गुणिले डेल्टा टी (वेळेची छोटी पायरी) मिळवत जाऊ नकोस. मी तेच केलं होतं, साय दोन मिनिटांत स्क्रीनबाहेर उडाला, रात्री एक वाजेपर्यंत बग शोधत बसलो आणि बग नव्हताच. प्रत्येक स्टेपला एक वजा आय गुणिले काहीतरी याने गुणलं जातं आणि त्याचं माप नेहमी एकापेक्षा मोठं, डेल्टा टी कितीही लहान घे. सळईला हीच पद्धत लहान स्टेपला चालते, इथे कधीच नाही. काकांची यू-व्ही जोडी वापर, यू पूर्ण ठोक्यावर आणि व्ही अर्ध्या ठोक्यावर पुढे ढकल. किंवा क्रँक-निकोल्सन, जी पद्धत गंमत म्हणजे १९४७ मध्ये उष्णतेच्या समीकरणासाठीच काढलेली.

साय_खाणारी_मनी

चार दिवसांनी परत आले. यू-व्ही वाली पद्धत चालली! १ नॅनोमीटरचा बॉक्स, इलेक्ट्रॉन, डाव्या बाजूला पाव अंतरावर एक अरुंद पॅकेट ठेवलं, जागच्या जागी, धक्का न देता. आधी पसरलं, मग भिंतींवर आपटून पूर्ण खिचडी झाली, मला वाटलं संपलं. पण ५.५ फेम्टोसेकंदाला ते सगळं उजव्या बाजूला गोळा झालं! आणि ११ ला परत डावीकडे, जिथे ठेवलं होतं तिथे. अगदी तंतोतंत नाही, कडेला थोडं फिसकटलेलं. आणि एक विचित्र, २.७५ ला दोन सारखे उंचवटे दिसतात, एक डावीकडे एक उजवीकडे. हा माझा बग आहे का?

बीमवाला_काका

बग नाही, १, ४, ९ आहे. सगळ्या फ्रिक्वेन्सी पहिलीच्या पूर्ण पटीत आहेत ना, मग पहिल्या मोडची (मोड म्हणजे कंपनाचा एकेक ठरावीक आकार) एक फेरी पूर्ण झाली की बाकी सगळ्यांच्या ४, ९, १६ अशा पूर्ण फेऱ्या झालेल्या असतात, सगळे परत एका ओळीत. तुमच्या बॉक्सची पहिली ऊर्जा ०.३७६ इलेक्ट्रॉन-व्होल्ट येते, प्लँकचा स्थिरांक भागिले ती म्हणजे ११ फेम्टोसेकंद. अर्ध्या वेळेला सम मोड पूर्ण फेऱ्यांवर आणि विषम मोड अर्ध्या फेरीवर, उलट चिन्हाचे, त्यामुळे चित्र आरशातल्यासारखं उजवीकडे. सळई असती तर हे आयुष्यात झालं नसतं.

पोहे_आणि_पायथन

फिसकटतंय ते ग्रिडमुळे. ठिपक्यांवर सेकंड डेरिव्हेटिव्ह काढला की वरच्या मोडची ऊर्जा एन स्क्वेअरपेक्षा किंचित कमी येते, मग ते रांगेत उशिरा पोचतात. या बॉक्सपुरतं स्टेपिंग सोडून दे, सुरुवातीचं पॅकेट ४० साइन मोडमध्ये फोड आणि प्रत्येकाला त्याचा काटा लाव.

साय_खाणारी_मनी

केलं, ११ ला आता फरक दिसतच नाही. आणि २.७५ चं हाताने काढलं, पाव फेरीला सम मोड आहे तसे आणि विषम मोडना वजा आयने गुणलेलं. बेरीज केली तर मूळ चित्र आणि आरशातलं चित्र दोन्ही येतात, दोघांच्या पुढचे गुणक (एक वजा आय) बाय टू आणि वजा (एक अधिक आय) बाय टू, मापाचा वर्ग दोन्हीकडे अर्धा. आय नसता तर ते दोन उंचवटे सारखे आलेच नसते.